टुरा सतानाची वही: स्टेजची पानं लागली, व्हार्लापर्यंत पोचले

टुरा सताना ही अमेरिकेतली बर्लेस्क नर्तकी आणि सिनेमातली नटी. तिच्या आयुष्यावर मी एक वही लिहिते आहे, तिच्यातली १९३८ ते १९६५ पर्यंतची पानं लागली. ज्या व्हार्लासाठी, म्हणजे १९६५ च्या 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!' मधल्या टुराच्या भूमिकेसाठी, हा सगळा खटाटोप सुरू केला, तिचं पानही शाईने लिहून झालं. पुढचा भाग, म्हणजे दिग्दर्शक टेड मायकेल्सचे सिनेमे आणि त्यानंतरची नोकरीची वर्षं, अजून सुट्या कागदांवर आहे. जुन्या एक्सप्लॉयटेशन सिनेमाचा, म्हणजे थोड्या पैशांत केलेल्या सनसनाटी सिनेमाचा, नाद असलेल्या आपल्या मंडळींना वहीची पद्धत उपयोगी पडेल, म्हणून आधी ती सांगते.

डाव्या पानावर शाई, उजव्या पानावर पेन्सिल. जे पडद्यावर दिसतं, श्रेयनामावलीत आहे, पोस्टरवर छापलंय किंवा छापील नोंदींत आहे, ते शाईने. टुराने मुलाखतींतून स्वतःबद्दल सांगितलं ते पेन्सिलने, तिच्याच नावावर. बर्लेस्कमधल्या, म्हणजे स्टेजवर नाचत कपडे उतरवण्याच्या खेळातल्या, बायकांच्या बाबतीत ही शिस्त पाळावीच लागते. त्या धंद्यात नाचणारीची कहाणी हासुद्धा जाहिरातीचाच भाग असायचा. थिएटरचा प्रचारवाला एक सांगणार, मासिकं त्यात भर घालणार, आणि बाई स्वतः पुढे कधीतरी आपली बाजू मांडणार. या शेवटच्या बाजूबद्दल मला आदर आहे. म्हणून ती वेगळ्या पानावर, पण पूर्ण लिहायची असं ठरवलंय.

पहिलं पान असं आहे. टुरा लुना पास्कुआल यामागुची, जन्म १० जुलै १९३८, होक्काइदो, जपान. वडील जपानी-फिलिपिनो वंशाचे, मूकपटांत कामं केलेले. आई सर्कशीतली, शायेन आणि स्कॉट्स-आयरिश वंशाची. कुटुंब अमेरिकेत आलं आणि युद्धात सापडलं. १९ फेब्रुवारी १९४२ ला रुझवेल्टने कार्यकारी आदेश ९०६६ वर सही केली आणि जपानी वंशाच्या सुमारे १,२०,००० लोकांना घरंदारं सोडायला लावून छावण्यांत नेलं. त्यातले बहुतेक अमेरिकेचेच नागरिक होते. टुराच्या घरच्यांच्या वाट्याला कॅलिफोर्नियातली मांझानारची छावणी आली. तिथून सुटल्यावर ते शिकागोच्या पश्चिम भागात राहायला गेले.

उजवं पान जड आहे. दहा वर्षांचीही नव्हते तेव्हा पाच जणांनी माझ्यावर अत्याचार केला आणि त्यांना शिक्षा झाली नाही, असं टुराने पुढे जाहीरपणे सांगितलं. त्यानंतर ती आयकिडो आणि कराटे शिकली. सुधारगृहात राहिली. तेराव्या वर्षी घरच्यांनी तिचं लग्न लावून दिलं. ते वर्षभरही टिकलं नाही, पण सताना हे आडनाव तिथूनच आलं. हे मी जसंच्या तसं, कुठलाही रंग न देता उतरवलंय.

तिच्यावर लिहिणारे बहुतेक जण इथून थेट व्हार्लावर उडी मारतात. लहानपणी अन्याय झाला, मग पडद्यावर पुरुषांना बडवणारी बाई उभी राहिली, झालं. मला हे अजिबात पटत नाही. मधली दहा वर्षं ही बाई रोज रात्री स्टेजवर उभी राहत होती. पैसे देऊन आलेलं, अधीर झालेलं, कधी दारू प्यायलेलं थिएटर एकटीने ताब्यात ठेवत होती. व्हार्ला आली ती त्या कामातून. माझ्या वहीत स्टेजची पानं सिनेमाच्या पानांपेक्षा जास्त आहेत ती याचसाठी.

नकाशा

वहीला जोडायला कॅलिफोर्नियाचा नकाशा काढत होते. त्यात 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!' मधल्या मोटारींच्या शर्यतीची जागा टाकली: कडबॅक लेक, मोहावे वाळवंटातलं कोरडं, मिठाचं तळं. ते हायवे ३९५ पासून जवळच आहे. मग मांझानार टाकलं. ते त्याच हायवे ३९५ वर, उत्तरेला, मोटारीने दोनेक तासांवर. लहानपणी जिला काटेरी तारेच्या आत ठेवलं, ती तिशीच्या आत त्याच रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला काळे हातमोजे घालून पोर्शे उधळत होती. मी कितीतरी वेळ त्या दोन टिंबांकडे बघत बसले. दोन्ही टिंबं शाईने केली आहेत.

स्टेजची पानं

बर्लेस्क म्हणजे नुसतं कपडे उतरवणं असा आपल्याकडे समज आहे. पूर्ण कार्यक्रमात ढगळ विजारीतले विनोदवीर, गाणी, प्रहसनं, खाली खड्ड्यात बसलेला बँड असं सगळं असायचं, आणि मुख्य नर्तकी ही त्याची आकर्षण-वस्तू. न्यूयॉर्कमध्ये महापौर ला गार्डियाच्या प्रशासनाने १९३७ मध्ये बर्लेस्क थिएटरांचे परवाने रोखले. 'बर्लेस्क' हा शब्द पाट्यांवर लावायलाही बंदी आली. तेव्हापासून हा खेळ न्यूयॉर्कबाहेर जास्त फोफावला. फिलाडेल्फिया, शिकागोचा परिसर, लॉस एंजेलिस. पन्नासच्या दशकात त्याला नाइट क्लबांची जोड मिळाली.

टुराचं नाव यातल्या कॅल्युमेट सिटीशी जोडलेलं आहे. इलिनॉयच्या सीमेवरचं हे गाव, रस्ता ओलांडला की इंडियाना. आसपासच्या पोलाद कारखान्यांतले कामगार पाळी संपली की इथल्या क्लबांत येत. क्लब राँदेव्हूमध्ये ती 'गॅलाटिया' या नावाने नाचायची: जिवंत होणारा पुतळा. ग्रीक कथेतला शिल्पकार पिग्मॅलियन आपल्याच पुतळ्याच्या प्रेमात पडतो आणि पुतळ्यात जीव येतो, ती ही गॅलाटिया. पुढे 'मिस जपान ब्यूटिफुल' म्हणूनही तिची जाहिरात झाली.

पुतळ्याच्या या नाचावर मी मुद्दाम बराच वेळ दिला. त्यात सगळ्यात अवघड काय असेल, तर न हलणं. चालू बँडसमोर, ओरडणाऱ्या लोकांसमोर, स्थिर उभं राहायचं, आणि पहिली हालचाल कधी करायची हे स्वतः ठरवायचं. बर्लेस्कचा ड्रमवाला नर्तकीच्या मागून चालतो. तिने कंबरेला झटका दिला की त्याची काठी पडते, तिने हात थांबवला की तोही थांबतो. आपल्याकडे लावणीत पायाकडे नजर लावून बसलेला ढोलकीवाला आठवा, म्हणजे नातं लगेच समजेल. ताल बाईच्या अंगात असतो, वाद्य त्याला उत्तर देतं.

कपड्यांचंही तसंच. लांब हातमोजा काढायला किती वेळ घ्यायचा, कुठल्या बोटापासून सुरुवात करायची, नजर हातमोज्यावर ठेवायची की प्रेक्षकांवर, हे सगळं बसवलेलं असे. टॅसल, म्हणजे छातीवर लावलेले गोंडे, फिरवण्यात टुराचा हातखंडा होता, आणि त्यासाठी अंगातला एकेक स्नायू वेगळा हलवता यावा लागतो. शिवाय गावागावाचे नियम वेगळे. कुठे काय काढलेलं चालेल, कुठे काय झाकलेलं असलंच पाहिजे, हे तिथल्या पोलिसांवर असायचं. अशा बाईला कॅमेऱ्यासमोर उभं राहायला शिकवावं लागत नाही.

कॅमेऱ्याची ओळख मात्र एका अनपेक्षित माणसाकडून झाली. घड्याळाच्या काट्याला लोंबकळणारा मूकपटांचा नट हॅरॉल्ड लॉइड निवृत्तीनंतर त्रिमिती छायाचित्रणात बुडाला होता. दोन भिंगांच्या कॅमेऱ्याने त्याने अशा पारदर्शिका लाखोंनी काढल्या. त्याने टुराची छायाचित्रं काढली आणि तिच्या चेहऱ्यात समतोल आहे, कॅमेऱ्याला तो आवडतो, असं तिला सांगितलं. तोपर्यंत ती स्वतःला कुरूप समजत होती. हे पेन्सिलच्या पानावर आहे, आणि त्या पानावरच्या मला सर्वांत आवडणाऱ्या ओळी याच. नट म्हणून स्वतःच्या अंगाला इतकं ओळखणारे फार थोडे झाले. लॉइड त्यांतला एक, आणि त्यालाच ही दिसली.

मोठे स्टुडिओ, छोट्या जागा

हे पान पटकन भरलं, कारण भरायला फार काही नाही. १९६३ मध्ये बिली वाइल्डरच्या 'इर्मा ला दूस' मध्ये ती सुझेट वाँग झाली, पॅरिसच्या त्या गल्लीत उभ्या असणाऱ्या मुलींपैकी एक. आपल्यातल्या अनेकांनी हीच कथा हिंदीत पाहिली असेल. शम्मी कपूरने दिग्दर्शित केलेला १९७४ चा 'मनोरंजन', झीनत अमान आणि संजीव कुमारचा, त्यावरूनच बेतलेला. त्याच वर्षी, १९६३ ला, डीन मार्टिनच्या 'हूज बीन स्लीपिंग इन माय बेड?' मध्ये ती नर्तकीच. 'अवर मॅन फ्लिंट' मध्येही नर्तकी, तीही श्रेयनामावलीत नाव न येता. टीव्हीवर 'बर्क्स लॉ' आणि 'द मॅन फ्रॉम अंकल' सारख्या मालिकांत एखाद्या भागापुरती हजेरी.

या सगळ्या भूमिका एका रांगेत लावल्यावर एक गोष्ट ठळक दिसते. हॉलिवुडला तिच्याकडून दोनच गोष्टी हव्या होत्या: कपडे उतरवणारी बाई, नाहीतर पौर्वात्य बाई, आणि जमल्यास दोन्ही एकदम. सुझेट वाँग या नावातच सगळं येतं.

व्हार्ला

आता मुख्य पान. सिनेमाचा दिग्दर्शक रस मायर हा दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन सैन्याचा चलच्चित्रकार होता. नंतर मासिकांसाठी मुलींची छायाचित्रं, आणि १९५९ मध्ये 'द इमॉरल मिस्टर टीज', साधारण २४,००० डॉलरांत केलेला आणि त्याच्या कितीतरी पट कमावलेला. एक्सप्लॉयटेशनचा व्यवहार मोठ्या स्टुडिओंच्या शेजारून पण वेगळ्या वाटेने चालायचा. हेज कोडचं, म्हणजे हॉलिवुडच्या स्वतःच्या सेन्सॉर नियमांचं, शिक्कामोर्तब नाही, मोठी वितरणव्यवस्था नाही. प्रत्येक राज्यासाठी वेगळा वितरक, छोटी थिएटरं आणि ड्राइव्ह-इन. पैसा थोडा, पण मधे सांगणारं कुणी नाही.

१९६५ मध्ये मायरने आधी 'मोटरसायको' केला, तीन गुंड मोटारसायकलस्वारांचा. मग तीच कल्पना बायकांवर उलटवली, तो 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!'. पटकथा जॅक मोरनची, निर्मितीत ईव्ह मायर, छायाचित्रण वॉल्टर शेंक, संकलन स्वतः मायरचं. खर्च सुमारे ४५,००० डॉलर, रंग परवडत नाही म्हणून कृष्णधवल. क्लबात नाचणाऱ्या तिघी: व्हार्ला, हाजीने केलेली रोझी आणि लॉरी विल्यम्सची बिली. तिघी वाळवंटात मोटारी उधळायला जातात. तिथे एक तरुण जोडपं भेटतं. व्हार्ला त्या मुलाला शर्यतीत हरवते, मग हाताने लढून मारते, आणि मुलीला, सुझन बर्नार्डने केलेल्या लिंडाला, पळवून घेऊन जाते. पुढे एक एकाकी वाडी, चाकाच्या खुर्चीतला म्हातारा, त्याची दोन मुलं आणि लपवलेला पैसा.

मी हा सिनेमा आवाज बंद करूनही पाहिला, आणि तसा बघायची शिफारस करते. संवाद कानावर पडत नाहीत तेव्हा टुराचं उभं राहणं दिसतं. शर्यतीनंतरची मारामारी बघा. समोरचा पोरगा सतत हलतोय, तोल सावरतोय. व्हार्ला पाय रोवून उभी असते आणि वार करायच्या क्षणीच हलते. वार झाला की परत स्थिर. गॅलाटियाच्या नाचात जी शिस्त होती, तीच इथे मारामारीत उतरली आहे. रोझी आणि बिली भांडतात, ओरडतात, बिली मधेच नाचते. या सगळ्या गडबडीत नजर व्हार्लावरच जाते, कारण ती एकटी अंग राखून असते. मायर कॅमेरा खाली जमिनीलगत लावतो, त्यामुळे ती आकाशासमोर उभी दिसते. ही चौकट मायरची. ती भरून टाकणं हे टुराचं काम.

पोशाख, मेकअप, कराटेचा वापर, काही संवाद, हे टुराने स्वतः आणलं असं नोंदलेलं आहे. चाकांचा प्रसंगही तिचाच. म्हाताऱ्याच्या आडदांड मुलाला व्हार्ला मोटारीने भिंतीशी दाबते, तो दोन्ही हातांनी मोटार मागे ढकलतो, आणि मागची चाकं जागच्या जागी धूळ उडवत गरगर फिरतात. त्या चाकांमुळे ताकदीची ती झटापट दिसते. नाहीतर एक मोटार आणि एक माणूस इतकंच राहिलं असतं. दोन ताकदी एकमेकींना अडवून उभ्या राहिल्या की बघणाऱ्याचा श्वास अडकतो, हे स्टेजवरच्या माणसाला सांगावं लागत नाही.

आणखी एक. सिनेमात उघड नग्नता जवळजवळ नाहीच. कपडे उतरवण्यावर नाव कमावलेल्या बाईची सगळ्यात गाजलेली भूमिका, आणि तीत ती गळ्यापर्यंत नाही तरी पायापर्यंत काळ्या कपड्यांत, हातमोजे घालून. तिच्या वंशाशीही कथेला काही देणंघेणं नाही. सुझेट वाँगनंतर दोनच वर्षांत तिला हे मिळालं, तेही ज्याला सभ्य लोक घाणेरडा सिनेमा म्हणत त्या बाजारात. ही गोष्ट वहीत मी ठळक रेघ मारून लिहिली आहे.

(स्टेजवरून आलेल्या आणि पुरुषांना लोळवणाऱ्या बाईची ओळख मुंबईला आधीपासून होती. ऑस्ट्रेलियात जन्मलेली, सर्कस आणि नाचाच्या कंपन्यांतून हिंडलेली नादिया १९३५ मध्ये 'हंटरवाली' झाली. दोघींचे सिनेमे पाठोपाठ बघा. नादिया न्यायासाठी लढते, व्हार्ला स्वतःसाठी.)

ऑगस्ट १९६५ मध्ये सिनेमा लॉस एंजेलिसला लागला आणि फारसा चालला नाही. पुढे दिग्दर्शक जॉन वॉटर्सने त्याची जाहीर तारीफ केली, १९९५ मध्ये तो पुन्हा थिएटरांत आला, समीक्षकांनी नव्याने लिहिलं, आणि स्त्रियांनी तो आपला म्हणून उचलला. मायरबरोबर टुराचा हा एकच सिनेमा.

कार्डं आणि पावसाळा

जमवाजमव करणाऱ्यांसाठी थोडं कामाचं. अमेरिकन लॉबी कार्ड, म्हणजे थिएटरच्या दर्शनी भागात लावायचं छापील चित्र, ११ × १४ इंचाचं असतं आणि बहुधा आठांचा संच. त्या काळातलं मोठं पोस्टर २७ × ४१ इंचाचं. मोठ्या स्टुडिओंचा माल नॅशनल स्क्रीन सर्व्हिसमार्फत जायचा, म्हणून खालच्या कोपऱ्यात वर्ष आणि क्रमांक छापलेला असतो. स्वतंत्र निर्मात्यांचा बराचसा माल त्या वाटेने गेलाच नाही, तेव्हा क्रमांक नाही म्हणून कार्ड नकली ठरवू नका. त्यापेक्षा भिंग लावा. मूळ ऑफसेट छपाईत अक्षरांच्या कडा सलग आणि स्वच्छ असतात, ठिपके फक्त चित्रात. जुन्या छापील कार्डाचा फोटो काढून पुन्हा छापलं असेल तर अक्षरांच्या कडाही ठिपक्यांत फुटलेल्या दिसतात.

आपल्या हवेत खरा शत्रू दमट कागद. कार्डं पॉलिएस्टरच्या पाकिटात, मागे आम्लविरहित पुठ्ठा, डबा भिंतीपासून लांब, आत सिलिका जेल. पावसाळ्यात जेल वरचेवर भाजून कोरडं करायचं. पीव्हीसीची स्वस्त पाकिटं वापरूच नका, ती कागदाला चिकटतात. कसर लागलेलं कार्ड घरात आणलं तर ते बाकीच्यांत मिसळू नका, दाराबाहेरच वेगळं ठेवा.

सुटे कागद

टेड मायकेल्सचे दोन सिनेमे लावायचे आहेत. १९६८ चा 'द ॲस्ट्रो-झॉम्बीज', वेंडेल कोरी आणि जॉन कॅरॅडिनबरोबर. त्यात तिच्या पात्राचं नावच सताना, परदेशी हेरांची म्होरकी. सिनेमा कच्चा आहे, संथ आहे, पण ती चौकटीत आली की पडदा जागा होतो. दुसरा १९७३ चा 'द डॉल स्क्वॉड', फ्रान्सिन यॉर्कच्या हाताखाली लढणाऱ्या बायकांची तुकडी. म्होरकीचं नाव सबरीना. तीन वर्षांनी टीव्हीवर 'चार्लीज एंजल्स' आली, तिच्यातही एक सबरीना. आपली कल्पना उचलली असं मायकेल्स शेवटपर्यंत म्हणत राहिला.

त्यानंतर पडदा बराच काळ बंद. एका जुन्या प्रियकराने तिच्यावर गोळी झाडली. बरी झाल्यावर तिने इस्पितळात नोकरी केली, मग लॉस एंजेलिस पोलिसांकडे रेडिओवर गाड्या पाठवणारी म्हणून. १९८१ मध्ये मोटार अपघातात पाठीचा कणा मोडला आणि पुढची दोनेक वर्षं शस्त्रक्रियांत गेली. त्याच वर्षी निवृत्त पोलीस अधिकाऱ्याशी लग्न, ते त्याच्या मृत्यूपर्यंत, २००० पर्यंत टिकलं. व्हार्लाचे चाहते तिला शोधत आले ते या काळात, आणि ती त्यांना भेटत राहिली. ४ फेब्रुवारी २०११ ला रीनोमध्ये ती गेली, वय ७२.

पोलीस रेडिओच्या वर्षांना वहीत पूर्ण पान द्यायचं ठरवलंय. रात्रपाळीत माइकपुढे बसून, डोकं शांत ठेवून, कुणाला कुठे पाठवायचं हे सांगणाऱ्या बाईचं कामही मला तिच्या कारकिर्दीचाच भाग वाटतं. त्यानंतर बर्लेस्कच्या बायकांनी स्वतः उभ्या केलेल्या संग्रहालयाचं पान. जेनी ली या नर्तकीने जमवलेल्या वस्तू, तिच्यामागे दुसरी नर्तकी डिक्सी एव्हान्सने हेलेंडेलच्या शेतावर सांभाळलेल्या, आणि २००६ पासून लास व्हेगासला. हेलेंडेलही मोहावे वाळवंटातच आहे, तेव्हा नकाशावर तिसरं टिंब येणार.

कुणाकडे 'द डॉल स्क्वॉड' ची लॉबी कार्डं असतील आणि अदलाबदलीची तयारी असेल तर कळवा. माझ्याकडे 'मोटरसायको' चं एक जादा आहे, कोपऱ्याला टाचणीची भोकं, बाकी स्वच्छ.